अटकपूर्व जामीन आणि आपली चळवळ

(मोहने येथील कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात केलेल्या भाषणाचा मजकूर)

अटकपूर्व जामिनाचे अर्ज आणि त्यांवरील अपिले न्यायालये कोणत्या कसोटीवर निकालात काढतात, हा विषय आज आपण अभ्यासासाठी घेतला आहे. हा वकिलांचा विषय आहे, कार्यकर्त्याने त्यात डोके का घालावे, अशी शंका कुणाच्या मनात आली तर ती अस्वाभाविक नाही. परंतु मोहने गावात तरी ही शंका फार वेळ टिकू नये. २००९ साली एन.आर.सी. कंपनीचे दरवाजे बंद झाले आणि हजारो कामगारांच्या हक्काच्या देण्यांचा प्रश्न वर्षानुवर्षे लोंबकळत राहिला. ज्या गावाने दरवाजासमोरची धरणी, मोर्चे आणि निदर्शने पाहिली, त्या गावाला 'सरकारी कामात अडथळा', 'बेकायदेशीर जमाव' हे शब्द पुस्तकातून शिकावे लागत नाहीत. लढा उभा राहिला की त्यामागून फौजदारी खटला येतो, आणि खटल्याच्या आधी अटक येते. म्हणून अटकेचा कायदा हा आपल्या चळवळीच्या अभ्यासक्रमाचा भाग असलाच पाहिजे.

अटकपूर्व जामिनाविषयी आपल्या मंडळींत दोन टोकांची मते आढळतात. एक मत असे की ही श्रीमंतांची सोय आहे. बिल्डर, संस्थाचालक, पुढारी यांनी गुन्हा करावा आणि अटक होण्याआधीच न्यायालयाचा कागद खिशात घालून मोकळे फिरावे. दुसरे मत असे की ही लोकशाहीतल्या प्रत्येक नागरिकाच्या स्वातंत्र्याची ढाल आहे आणि तिला कोठेही छिद्र असता कामा नये. माझे नम्र मत असे की ही दोन्ही मते अर्धी खरी आहेत. ती कोठे खरी आणि कोठे अपुरी, हे पाहायचे तर या कायद्याचा इतिहास थोडक्यात पाहावा लागेल.

इंग्रजांच्या १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत अटकपूर्व जामिनाची तरतूदच नव्हती. माणूस पकडला गेल्यावर जामीन मागायचा, त्याआधी नाही, असा एकंदर व्यवहार होता. १९६९ साली कायदा आयोगाने आपल्या ४१ व्या अहवालात ही तरतूद करावी अशी शिफारस केली. आयोगाने दिलेले कारण ध्यानात ठेवण्यासारखे आहे. वजनदार माणसे आपल्या प्रतिस्पर्ध्यांना खोट्या खटल्यांत गुंतवतात, त्यांना बदनाम करण्यासाठी किंवा चार दिवस तुरुंगात डांबण्यासाठी, आणि राजकीय चुरस वाढेल तसा हा प्रकार वाढत जातो, असे आयोगाचे निरीक्षण होते. ही शिफारस मानून संसदेने १९७३ च्या संहितेत कलम ४३८ घातले आणि १ एप्रिल १९७४ पासून ते अमलात आले. म्हणजे या कलमाचा जन्म प्रतिष्ठितांच्या आपसांतील भांडणांतून झाला. दरवाजासमोर बसलेला कामगार, सावकाराच्या शेतावरचा मजूर, वस्तीतली बाई यांचा विचार करून ते लिहिले गेले नव्हते. ही उत्पत्ती विसरली तर पुढचे काही समजणार नाही.

कलम अमलात येऊन सव्वा वर्ष होते न होते तोच आणीबाणी आली. आणीबाणीच्या काळातच, १९७६ साली, उत्तर प्रदेशाच्या विधिमंडळाने आपल्या राज्यापुरते कलम ४३८ काढून टाकले. देशातील सर्वांत मोठ्या राज्यातील नागरिक २०१९ सालापर्यंत, म्हणजे त्रेचाळीस वर्षे, या संरक्षणाला मुकले. आणीबाणी उठली, सरकारे आली आणि गेली, त्यांत आपल्या विचारांची म्हणवणारी सरकारेही होती, पण काढलेले कलम दीर्घकाळ परत बसले नाही. सत्तेवर आल्यावर पोलिसांचे अधिकार कमी करणे कोणत्याही पक्षाला सुचत नाही. हा दोष फक्त विरोधकांच्या पदरात टाकून आपण मोकळे होऊ शकत नाही.

आता न्यायालयांकडे वळू. १९७६ साली बालचंद जैन यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हा अधिकार असाधारण स्वरूपाचा आहे आणि तो अपवादात्मक प्रसंगीच वापरावा, अशी भूमिका घेतली. त्या शब्दांचा आधार घेऊन पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयाच्या पूर्ण पीठाने कलमाला इतक्या अटी जोडल्या की कलम कागदावरच उरावे. त्यावरील अपील पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठापुढे आले. गुरबक्षसिंग सिब्बिया हे पंजाबचे माजी मंत्री त्यातले अर्जदार. ९ एप्रिल १९८० रोजी सरन्यायाधीश यशवंत विष्णू चंद्रचूड यांनी निकाल दिला. आजही या विषयातील सगळी चर्चा त्या निकालापासून सुरू होते.

त्या निकालाने काय ठरवले? अर्ज करण्यासाठी गुन्हा नोंदला जाईपर्यंत थांबण्याची गरज नाही. पण नुसती भीती पुरेशी नाही, अटकेची वाजवी शंका दाखवता आली पाहिजे आणि ती कोणत्या आरोपावरून आहे हे सांगता आले पाहिजे. 'मला कोणत्याही गुन्ह्यात पकडू नये' असा सरसकट आदेश मिळणार नाही. कायदेमंडळाने ज्या अटी घातल्या नाहीत त्या न्यायालयाने व्याख्येच्या नावाखाली घालू नयेत. आरोप गंभीर आहे एवढ्यावरून अर्ज फेटाळू नये, आणि अर्जदार प्रतिष्ठित आहे एवढ्यावरून तो मंजूरही करू नये. जामिनावर असलेल्या माणसाच्या सांगण्यावरून एखादी वस्तू हस्तगत करण्याची वेळ आली तरी तपासाचे काही अडत नाही. त्यापुरता तो पोलिसांच्या ताब्यात आहे असे कायद्याने मानता येते. हा शेवटचा मुद्दा फार महत्त्वाचा आहे, कारण सरकारी वकिलांचा ठरलेला आक्षेप असतो की कोठडीत घेतल्याखेरीज चौकशीच होऊ शकत नाही.

येथे एक गोष्ट नमूद केल्यावाचून राहवत नाही. २८ एप्रिल १९७६ रोजी, आणीबाणीत स्थानबद्ध माणसाला न्यायालयाचे दारही ठोठावता येणार नाही, असा निकाल ज्या बहुमताने दिला, त्या बहुमतात न्यायमूर्ती चंद्रचूड होते. चार वर्षांनी त्यांच्याच लेखणीतून व्यक्तिस्वातंत्र्याचा हा निकाल उतरला. मधल्या काळात १९७७ ची निवडणूक झाली होती. न्यायालये निर्वात पोकळीत निर्णय देत नाहीत. बाहेर लोकशाही जिवंत असेल तर आत घटनेचा अर्थही रुंदावतो. लोकचळवळीला न्यायालयाइतकेच महत्त्व का, याचे उत्तर या चार वर्षांत आहे.

सिब्बिया निकालानंतरही खालची न्यायालये आणि सर्वोच्च न्यायालयाची लहान पीठे यांनी वाट अरुंद करण्याचे काम चालू ठेवलेच. १९९५ साली सलाउद्दीन शेख विरुद्ध महाराष्ट्र राज्य या प्रकरणात असे ठरले की हा जामीन मर्यादित मुदतीचाच असावा. मुदत संपली की माणसाने नियमित न्यायालयापुढे जाऊन नव्याने जामीन मागावा. ही गाठ सोडवणारे महत्त्वाचे अपीलही महाराष्ट्रातूनच गेले. २००९ च्या विधानसभा निवडणुकीच्या धामधुमीत सोलापूर जिल्ह्यात प्रतिस्पर्धी पक्षाच्या एका कार्यकर्त्याची हत्या झाली आणि काँग्रेसचे नेते सिद्धराम म्हेत्रे यांच्यावर चिथावणीचा आरोप आला. मुंबई उच्च न्यायालयाने त्यांचा अटकपूर्व जामीन नाकारला. त्यावरील अपिलात सर्वोच्च न्यायालयाने २ डिसेंबर २०१० रोजी तो मंजूर केला आणि कसोट्यांची तपशीलवार जंत्री दिली. आरोपाचे स्वरूप किती गंभीर, अर्जदाराची त्यातील नेमकी भूमिका कोणती, त्याचा पूर्वेतिहास काय, तो पळून जाईल का, पुन्हा तसाच गुन्हा करील का, साक्षीदारांना धमकावील का, आणि आरोपामागचा हेतू निव्वळ बदनामी करण्याचा आहे का, या त्या कसोट्या.

त्यात आपल्या दृष्टीने सोन्यासारखा एक मुद्दा आहे. समान उद्देश किंवा बेकायदेशीर जमाव या कलमांच्या आधाराने माणसाला गुंतवलेले असेल, तर न्यायालयाने अधिकच काळजीने पाहावे, कारण अशा प्रकरणांत गरजेपेक्षा जास्त माणसे गोवली जातात हा नेहमीचा अनुभव आहे, असे न्यायालयाने म्हटले. जुन्या दंडसंहितेची कलमे ३४ आणि १४९, आजच्या न्याय संहितेतील ३(५) आणि १९०, हीच मोर्चावर लावली जाणारी कलमे. दगड एकाने मारला असेल किंवा कुणीच मारला नसेल, फिर्यादीत नावे पन्नास असतात आणि शेवटी 'व इतर' असतात. पुढाऱ्याच्या अपिलातून निघालेले हे तत्त्व कामगाराच्या अर्जात छापले गेले पाहिजे. ते वाचून दाखवणारा वकील मिळणे ही वेगळी अडचण, तिच्याकडे मी नंतर येतो.

मुदतीचा वाद पुढेही दहा वर्षे चालला. अखेरीस २९ जानेवारी २०२० रोजी सुशीला अग्रवाल प्रकरणात पाच न्यायमूर्तींनी निर्णय दिला की हा जामीन सामान्यतः मुदतबंद नसावा. विशेष कारण असेल तर न्यायालय मुदत घालू शकते, एरवी तो खटला संपेपर्यंत चालू राहू शकतो. १ जुलै २०२४ पासून जुनी संहिता जाऊन भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली आणि कलम ४३८ च्या जागी कलम ४८२ आले. महाराष्ट्राने १९९३ च्या दुरुस्तीने काही कसोट्या कलमातच लिहून ठेवल्या होत्या. नव्या कलमात तशी यादी नाही. म्हणजे आज न्यायाधीशांपुढचे माप हे मुख्यतः निकालांतून आलेले माप आहे. आणि जेथे माप लिहिलेले नसते तेथे न्यायाधीशाचा दृष्टिकोन, त्याची सामाजिक सहानुभूती आणि समोरच्या वकिलाचे वजन यांना जास्त वाव मिळतो.

आता 'अपील' या शब्दाविषयी. काटेकोर बोलायचे तर अटकपूर्व जामिनाच्या आदेशावर सर्वसाधारण अपील नाही. सत्र न्यायालय आणि उच्च न्यायालय या दोघांनाही हा अधिकार आहे. कल्याणच्या सत्र न्यायालयाने अर्ज नाकारला की मुंबईत उच्च न्यायालयापुढे नवा अर्ज करायचा. तेथेही नकार मिळाला तर घटनेच्या कलम १३६ खाली सर्वोच्च न्यायालयाची विशेष परवानगी मागायची. उलट जामीन मिळाला आणि तो चुकीचा आहे असे सरकारला किंवा फिर्यादीला वाटले, तर त्यांनाही वर जाता येते. तेथे न्यायालये दोन गोष्टींत फरक करतात. जामीन मिळाल्यावर आरोपीने साक्षीदाराला धमकावले, तपासाला दाद दिली नाही, तर जामीन रद्द होतो. हा आरोपीच्या वर्तनाचा प्रश्न. परंतु मूळ आदेशच जर महत्त्वाचा पुरावा डावलून किंवा कायद्याने घातलेली मनाई दुर्लक्षून दिलेला असेल, तर वर्तन कितीही चांगले असले तरी तो आदेश उलटवता येतो. हा आदेशाच्या योग्यतेचा प्रश्न. दलितांवरील अत्याचाराच्या प्रकरणांत हा फरक निर्णायक ठरतो.

१९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याचे कलम १८ अटकपूर्व जामिनाला मनाई करते. स्वातंत्र्याची ढाल सर्वांना हवी असे म्हणणाऱ्यांना ही मनाई खुपते. कराडच्या शासकीय औषधनिर्माणशास्त्र महाविद्यालयातील एका कर्मचाऱ्याच्या तक्रारीतून उद्भवलेल्या डॉ. सुभाष काशिनाथ महाजन विरुद्ध महाराष्ट्र राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २० मार्च २०१८ रोजी ही मनाई सैल केली आणि अटकेआधी वरिष्ठांची परवानगी, गुन्हा नोंदण्याआधी प्राथमिक चौकशी अशा अटी घातल्या. २ एप्रिलला देशभर बंद झाला. त्याच वर्षी संसदेने कलम १८-अ घालून त्या अटी दूर केल्या. १ ऑक्टोबर २०१९ रोजी न्यायालयाने स्वतःच ते निर्देश मागे घेतले. आणि १० फेब्रुवारी २०२० रोजी दुरुस्ती वैध ठरवताना एवढेच सांगितले की तक्रारीवरून प्रथमदर्शनी गुन्हाच दिसत नसेल तरच मनाई लागू होणार नाही.

ही मनाई हवी कशासाठी, याचे उत्तर धाराशिव जिल्ह्यातील एका प्रकरणाने दिले. २०२४ च्या विधानसभा निवडणुकीनंतर, सांगितल्याप्रमाणे मत दिले नाही म्हणून अनुसूचित जातीच्या एका कुटुंबाला घराबाहेर जातिवाचक शिवीगाळ आणि मारहाण झाल्याची फिर्याद होती. सत्र न्यायालयाने अटकपूर्व जामीन नाकारला. उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने तो दिला. फिर्यादी अपिलात गेला, आणि १ सप्टेंबर २०२५ रोजी सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या पीठाने तो आदेश रद्द केला. जामिनाच्या टप्प्यावर पुराव्याची छाननी करून छोटा खटलाच चालवणे योग्य नाही. फिर्यादीवरून गुन्हा दिसतो की नाही एवढेच पाहायचे, असे त्या निकालाचे सार आहे. मित्रहो, गावात आरोपी मोकळा राहिला तर साक्षीदार टिकत नाही, हे समाजशास्त्र या मनाईच्या पोटात आहे. ज्याच्याजवळ जमीन, पाणी आणि ग्रामपंचायत आहे त्याचे 'स्वातंत्र्य' आणि गावकुसाबाहेरच्या माणसाचे 'स्वातंत्र्य' एका तागडीत घालताना तागडी ज्याने धरली आहे त्याचा हात पाहावा लागतो. म्हणून समाजवाद्यांनी या मनाईचे समर्थन केले पाहिजे, आणि अन्याय झालेल्याला या कायद्याच्या कलम १४-अ खाली उच्च न्यायालयात खरेखुरे अपील आहे व कलम १५-अ खाली जामिनाच्या सुनावणीत स्वतःचे म्हणणे मांडण्याचा हक्क आहे, ही माहिती वस्त्यावस्त्यांत पोहोचवली पाहिजे.

पण मनाईचे दुसरे रूपही आहे, आणि तेथे आपली भूमिका वेगळी असली पाहिजे. बेकायदेशीर कृत्ये प्रतिबंधक कायद्याच्या कलम ४३-ड ने अटकपूर्व जामिनाचे दार असेच बंद केले आहे. प्रा. आनंद तेलतुंबडे यांना सर्वोच्च न्यायालयाने १४ जानेवारी २०१९ रोजी चार आठवड्यांचे संरक्षण दिले असतानाही पुणे पोलिसांनी २ फेब्रुवारीला त्यांना अटक केली. पुण्याच्या न्यायालयाने ती अटक बेकायदा ठरवून त्याच दिवशी त्यांची सुटका केली. पुढे उच्च न्यायालयाने आणि १६ मार्च २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्यांचा अर्ज नाकारला. डॉ. आंबेडकरांच्या जयंतीच्या दिवशी, १४ एप्रिल २०२० रोजी, ते तपास यंत्रणेच्या स्वाधीन झाले. नोव्हेंबर २०२२ मध्ये उच्च न्यायालयाने त्यांना जामीन दिला, तेव्हा दहशतवादी कृत्याच्या आरोपाला प्रथमदर्शनी आधार दिसत नाही असा त्याचा अभिप्राय होता. मधली अडीच वर्षांहून अधिक काळाची कैद कोण परत करणार? कुणी म्हणेल, एका कायद्यातली मनाई तुम्हाला चालते आणि दुसऱ्यातली चालत नाही, हा दुटप्पीपणा आहे. मी म्हणतो, तो दुटप्पीपणा नव्हे. एक मनाई दुर्बळ फिर्यादीला सबळ आरोपीपासून वाचवते. दुसरीत फिर्यादी स्वतः राज्यसंस्था आहे, तिच्याजवळ पोलीस, तुरुंग आणि तपासयंत्रणा आहेत, तिला आणखी संरक्षणाची गरज नाही. कायद्याकडे पाहताना तो कुणाच्या हातात कुणाविरुद्ध शस्त्र देतो, हा प्रश्न आधी विचारावा.

हाच प्रश्न आपल्या अंगणात आणून पाहा. ऑगस्ट २०२४ मध्ये बदलापूरच्या शाळेत दोन चिमुरड्या मुलींवरील अत्याचार उघडकीस आला. २० ऑगस्टला लोकांनी स्थानकात दिवसभर रेल्वे रोखली. दुसऱ्या दिवशीपर्यंत सत्तरच्या वर आंदोलकांना अटक झाली होती. त्या शाळेच्या संस्थाचालकांवर, घटनेची माहिती असूनही ती पोलिसांना वेळेत कळवली नाही असा आरोप होता. ते अटकपूर्व जामिनासाठी कल्याणच्या सत्र न्यायालयात गेले, अर्ज फेटाळला गेला. उच्च न्यायालयात गेले, १ ऑक्टोबरला तेथेही फेटाळला गेला. आणि दुसऱ्या दिवशी त्यांना अटक झाली. अर्ज करणे हा त्यांचा हक्क होता, त्याबद्दल माझी तक्रार नाही. न्यायालयांनीही आपले काम केले. माझा प्रश्न वेगळा आहे. एका गटाला अटकेआधी दोन न्यायालयांच्या पायऱ्या चढण्याइतके सहा आठवडे मिळाले. दुसऱ्या गटाला एक रात्र मिळाली नाही. आंदोलकांपैकी किती जणांना अटकपूर्व जामिनाचा अर्ज लिहिण्याइतकी तरी उसंत होती?

माझ्या प्रतिपादनाचा गाभा येथे आहे. अटकपूर्व जामीन मागायचा तर आधी अटकेची चाहूल लागावी लागते. ज्याचे पोलीस ठाण्यात येणेजाणे आहे त्याला फिर्याद लिहिली जात असतानाच निरोप पोहोचतो. ज्याचा वकील वर्षाच्या कराराने बांधलेला आहे त्याचा अर्ज त्याच संध्याकाळी तयार होतो. पाळी संपवून घरी परतलेल्या कामगाराला अटक होणार हे कळते ते पोलीस दारात उभे राहिल्यावर. कायद्याने सर्वांना एकच कलम दिले, पण चाहूल लागण्याची सोय समाजाने काही थोड्यांनाच दिली. म्हणून कलम ४८२ कितीही उदारपणे वाचले तरी गरिबाचे खरे रक्षण तेथे होत नाही. ते त्याच्या एक पायरी आधी, अटक करण्याच्या अधिकारावर लगाम घालण्यात आहे.

असा लगाम कायद्यात आहे, आणि तो फारसा कुणाला ठाऊक नाही. अटकेचा अधिकार असणे वेगळे आणि अटकेचे समर्थन असणे वेगळे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९४ सालीच जोगिंदर कुमार प्रकरणात सांगितले. २ जुलै २०१४ च्या अर्नेश कुमार निकालाने सात वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यांत आपोआप अटक करण्यास मनाई केली. अटक का आवश्यक आहे याची कारणे पोलिसांनी लिहावीत, अटक आवश्यक नसेल तर हजर राहण्याची नोटीस द्यावी. आजच्या संहितेत ही नोटीस कलम ३५(३) खाली येते. सरकारी सेवकावर बळाचा वापर केल्याचे न्याय संहितेचे कलम १३२, जे मोर्चावर हटकून लावले जाते, अजामीनपात्र आहे खरे, पण त्याची शिक्षा दोन वर्षांपर्यंतच आहे. म्हणून नोटिशीचा नियम त्याला पूर्णपणे लागू आहे. त्याच कलम ३५ च्या सातव्या पोटकलमात आणखी एक तरतूद आहे. गुन्ह्याची शिक्षा तीन वर्षांपेक्षा कमी असेल आणि माणूस अशक्त किंवा साठ वर्षांपुढचा असेल, तर उपअधीक्षक किंवा त्यावरच्या दर्जाच्या अधिकाऱ्याच्या परवानगीशिवाय त्याला अटक करता येत नाही. २००९ साली जे कामगार चाळिशी-पन्नाशीत होते त्यांतले बहुतेक आज साठीच्या पुढे किंवा उंबरठ्यावर आहेत. देण्यांसाठी उद्या ते पुन्हा रस्त्यावर बसले, तर हे पोटकलम प्रत्येकाच्या खिशात असले पाहिजे.

आणि अटक झालीच, तर तिची कारणे मागा. या हक्काशी आपल्या चळवळीचे जुने नाते आहे. नोव्हेंबर १९६८ मध्ये बिहारातील लखीसराय स्थानकावर मधू लिमये आणि त्यांच्या सहकाऱ्यांना अटक झाली. अटकेची कारणे कळवली नाहीत, घटनेच्या कलम २२ चा भंग झाला, या मुद्द्यावर सर्वोच्च न्यायालयाने त्यांना मुक्त केले. या तत्त्वाची पुढची पायरी ६ नोव्हेंबर २०२५ रोजी मिहिर शहा विरुद्ध महाराष्ट्र राज्य या निकालात गाठली गेली. कोणत्याही गुन्ह्यात अटकेची कारणे लेखी आणि त्या माणसाला समजणाऱ्या भाषेत दिली पाहिजेत. तत्काळ शक्य नसेल तर निदान कोठडीसाठी न्यायाधीशापुढे उभे करण्याच्या दोन तास आधी ती हातात पडली पाहिजेत. अर्जदार कोण होता हे येथे महत्त्वाचे नाही. निकाल सर्वांचा आहे, आणि मोहन्याच्या कामगाराला ती कारणे मराठीत मिळाली पाहिजेत.

राहिला वकिलाचा प्रश्न. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती आणि औद्योगिक कामगार यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे. 'औद्योगिक कामगार' हे शब्द त्या कलमात स्पष्ट लिहिलेले आहेत. हा हक्क अटकेनंतरच सुरू होतो असेही नाही. मोफत मिळणारा वकील मन लावून काम करीलच असे नाही, हे मलाही कळते. पण हक्क मागणारे शंभर अर्ज दरमहा गेले तर व्यवस्था सुधारण्याचे दडपण येते; एकही गेला नाही तर काहीच होत नाही.

तेव्हा कार्यकर्त्यांनी काय करावे? मोर्चाची परवानगी मागणाऱ्या पत्राची पोच जपून ठेवावी. कोण कोठे होते याची नोंद त्याच दिवशी करावी, कारण जमावाच्या कलमांत नेमकी भूमिका हीच कसोटी आहे. प्रमुख साथींची वये, आजारांची प्रमाणपत्रे, राहण्याचे पुरावे यांची एक फाइल शाखेत तयार असावी. पळून जाणार नाही हे सिद्ध करायला कायमचा पत्ता आणि कुटुंब यांपेक्षा चांगला पुरावा नाही. नोटीस आली तर हजर राहावे, तिची पोच घ्यावी; नोटिशीला मान देणाऱ्याला सहसा अटक करता येत नाही, न देणाऱ्याचा पुढचा अर्ज कमकुवत होतो. एका वकिलाशी आधीच बोलून ठेवावे. अत्याचाराच्या प्रकरणात आपण फिर्यादीच्या बाजूला असू तर जामिनाच्या प्रत्येक तारखेला त्याच्यासोबत न्यायालयात उभे राहावे.

आणि पक्ष म्हणून आपली मागणी एका वाक्यात मांडता येईल अशी असावी. कलम ३५(३) ची नोटीस न देता जेथे अटक झाली, त्या प्रत्येक प्रकरणातील पोलिसांनी लिहिलेली कारणे जिल्हावार प्रसिद्ध झाली पाहिजेत. मग आंदोलकाला एका रात्रीत अटक का झाली आणि संस्थाचालकाला सहा आठवडे का मिळाले, याचे उत्तर कुणाला भाषणात शोधावे लागणार नाही. ते कागदावर येईल. आमदार-खासदारांना हा प्रश्न विचारण्याचे काम आपल्या शाखेने या महिन्यापासूनच सुरू करावे, एवढे सुचवून मी थांबतो.